फ्लँडर्स आणि स्वान या जोडीची कारकीर्द कशी घडली, आणि ती १९६७ मध्ये का थांबली?

मायकल फ्लँडर्स आणि डॉनल्ड स्वान ही विनोदी गाणी रचून गाणारी ब्रिटिश जोडी भर यशात का थांबली, आणि एका पियानोवर त्यांना इतका प्रेक्षक कसा मिळाला, असे आपण विचारले आहे. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो.

लंडनच्या वेस्टमिन्स्टर शाळेत १९४० मध्ये दोघांनी प्रथम एकत्र कार्यक्रम केला. पुढे फ्लँडर्स नौदलात गेले आणि १९४३ मध्ये पोलिओ झाल्याने त्यांना कायमची चाकांची खुर्ची वापरावी लागली. स्वान यांनी तत्त्व म्हणून शस्त्र हाती घेण्यास नकार दिला व क्वेकर या शांततावादी ख्रिस्ती पंथाच्या रुग्णवाहिका पथकातून इजिप्त, पॅलेस्टाइन आणि ग्रीसमध्ये सेवा केली. १९४८ मध्ये पुन्हा गाठ पडल्यावर फ्लँडर्स शब्द लिहू लागले आणि स्वान चाली बांधू लागले. मात्र आरंभीची कित्येक वर्षे ती गाणी इतर कलावंतच गात असत.

३१ डिसेंबर १९५६ रोजी लंडनच्या नॉटिंग हिलमधील न्यू लिंडसे या लहानशा नाट्यगृहात ते स्वतःच रंगमंचावर बसले. महिनाभरातच हा कार्यक्रम फॉर्च्यून नाट्यगृहात गेला, तेथे दोन वर्षांहून अधिक काळ चालला आणि १९५९ मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे या नाट्यनगरीत पोहोचला. खुर्चीत बसलेले दाढीधारी फ्लँडर्स प्रेक्षकांशी ऐसपैस गप्पा मारत आणि त्या गप्पांतूनच पुढचे गाणे उगवे. माझ्या मते त्यांच्या यशाचे मर्म या निवेदनात आहे, आणि गाण्यांइतकेच लक्ष देऊन ते ऐकले पाहिजे.

गाण्यांतील कारागिरीही थक्क करणारी आहे. मोझार्टच्या चौथ्या हॉर्न कंचेर्टोच्या (हॉर्न हे फुंकवाद्य आणि वाद्यवृंद यांच्यासाठीच्या रचनेच्या) अखेरच्या भागावर त्यांनी हरवलेल्या हॉर्नची कैफियत रचली. मूळ वाद्याची धावती सुरावट फ्लँडर्स शब्दांनिशी, एकही अक्षर न गिळता गातात. मला मात्र सर्वांत प्रिय आहे ते १९६३ च्या दुसऱ्या कार्यक्रमातील ‘स्लो ट्रेन’. ब्रिटिश रेल्वेचे प्रमुख बीचिंग यांच्या अहवालाने त्याच वर्षी ब्रिटनमधील असंख्य स्थानके बंद करण्याचे सुचवले होते; या गाण्यात विनोद जवळजवळ नाहीच, मिलर्स डेल, मो कॉप अशी स्थानकांची नावे एकामागून एक येतात आणि त्या नुसत्या नावांनीच गळा दाटून येतो. त्यांतील चेस्टर-ल-स्ट्रीटसारखी काही स्थानके पुढे वाचली, तरी गाण्याची वेदना त्यामुळे उणी होत नाही.

आता पहिला प्रश्न. एप्रिल १९६७ मध्ये न्यूयॉर्कमधील प्रयोग संपले आणि जोडीही थांबली, यामागे स्वान यांची अन्य संगीत रचण्याची ओढ प्रमुख होती. त्याच वर्षी त्यांनी ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’चे लेखक टोल्कीन यांच्या कवितांना दिलेल्या चाली प्रसिद्ध झाल्या, धार्मिक संगीतही ते रचत राहिले. फ्लँडर्स लेखन आणि निवेदनाकडे वळले व १९७५ मध्ये निवर्तले. दहा वर्षांहून अधिक काळ तीच गाणी वाजवल्यानंतर संगीतकाराला नवे काही रचावेसे वाटणे मला पूर्णपणे समजू शकते. आपण ऐकण्यास आरंभ करणार असाल, तर ध्वनिमुद्रण-निर्माते जॉर्ज मार्टिन यांनी फॉर्च्यूनमध्ये प्रेक्षकांसमोर केलेले ध्वनिमुद्रण निवडावे. त्यात गप्पाही आहेत.