गार्चिंगला निघालात, पण मुलगा कितवीत जाणार?

“जर्मनीत म्युनिकजवळच्या गार्चिंगच्या माक्स प्लांक खगोलभौतिकी संस्थेत पोस्टडॉक मिळालाय, मुलाची तिसरी आत्ताच संपली, संस्था कशी आहे?” असं विचारलंत. व्हिसा-विम्याचं सगळं अधिकृत माहितीत आहे, ते सोडून देतो.

संस्था उत्तमच. १९५८ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ हायझेनबर्ग आपली भौतिकी संस्था ग्योटिंगेनहून म्युनिकला घेऊन आले, तेव्हा खगोलभौतिकीची बाजू लुडविग बीरमान यांच्याकडे होती. सूर्यातून कणांचा झोत अखंड वाहत असतो, हे धूमकेतूंच्या शेपट्यांवरून ओळखणारे तेच. १९७९ मध्ये बिऱ्हाड गार्चिंगला आलं, १९९१ मध्ये संस्था स्वतंत्र झाली. दुर्बिणी शोधू नका. इथे काम सिद्धान्ताचं आणि संगणकावरचं. २००५ च्या ‘मिलेनियम’ नावाच्या संगणकी गणनेत दहा अब्जांहून जास्त कण घेऊन दीर्घिका (आपल्या आकाशगंगेसारखे ताऱ्यांचे प्रचंड समूह) कशा जमतात ते पाहिलं गेलं.

माझा विषय अतिनवतारे, म्हणजे मोठ्या ताऱ्यांचे स्फोट. ताऱ्याचा गाभा कोसळतो, धक्का-तरंग बाहेर निघतो आणि वाटेतच अडकतो. न्यूट्रिनो नावाचे अतिसूक्ष्म कण त्याला पुन्हा कसा ढकलतात, हे गणितात बसवायचं. माझा तरंग दोन वर्षं अडकून होता. रात्री-अपरात्री निकाल बघत बसायचो.

त्याच काळात मुलगी चौथीत होती. बव्हेरियात, म्हणजे गार्चिंग ज्या राज्यात आहे तिथे, चौथीतच मुलांच्या वाटा फुटतात; पुढची शाळा कोणती ते तेव्हाच ठरतं. जर्मन, गणित आणि परिसर अभ्यासासारखा एक विषय, या तिन्हींची सरासरी २.३३ किंवा त्याहून कमी असेल तर थेट गिम्नाझियम, म्हणजे विद्यापीठाकडे नेणारी माध्यमिक शाळा. (इथे १ म्हणजे सर्वांत चांगला.) तिची आली २.६६. गणितात २, बाकी दोन्हीत ३. बाहेरून आलेल्या, भाषेत अडणाऱ्या मुलांसाठी सवलतीची वाट असते. तसं शाळेचं पत्रही आलं होतं. जर्मनमधलं होतं, ‘निवांत वाचू’ म्हणून मी टेबलावर ठेवलं आणि उघडलं जूनमध्ये. तोवर मुदत गेली होती. बायको त्यावर एक शब्द बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं.

एकटेपणाचंही विचारलंत. असतो. सवय होते.

मुलगी आता सोळाची आहे, मजेत आहे. विषय काढला की “बाबा, सोड ना” म्हणते.

तुमचा मुलगा सप्टेंबरात थेट चौथीत बसेल आणि मे महिन्याच्या सुरुवातीला ही सरासरी लिहिलेला, पुढची शाळा ठरवणारा दाखला हातात पडेल. जमलं तर शाळेला सांगून त्याला पुन्हा तिसरीतच बसवा. आम्हालाही शाळेने हे सुचवलं होतं. मला ते कमीपणाचं वाटलं होतं.