बाळंतपणाच्या तिसऱ्या दिवशी दूध पुरत नसेल तर बायकोला काय खायला द्यावं?

खाण्याचं नंतर. आधी मला सांगा, दूध पुरत नाही हे ठरवलं कोणी? तुम्ही लिहिलंय की बाळ रात्रभर रडलं, पाजून खाली ठेवलं की पुन्हा तोंड उघडून शोधायला लागलं, छाती मऊच आहे, म्हणून घरच्यांनी वरचं दूध सुचवलं. यातली एकही खूण दूध कमी असल्याची नाही. पहिल्या दिवशी बाळाला एका वेळी 5 ते 7 मिलि, म्हणजे चमचाभर चीक पुरतो. छाती भरून येते ती साधारण दुसऱ्या ते चौथ्या दिवशी. पहिलं बाळंतपण किंवा सिझेरियन असेल तर जरा उशिराही. त्याआधी बाळ तासातासाला ओढतं आणि त्या ओढण्यानेच दूध वाढतं. रात्री तर जास्तच, कारण दूध तयार करणारं प्रोलॅक्टिन हे संप्रेरक रात्री चढं असतं.

आणि नेमकी त्याच रात्री बाटली येते. "एकदा दिली तर काय बिघडलं?" काय बिघडतं ते ऐका. बाटलीतून 50-60 मिलि आयतं पोटात गेलं की बाळ तीन-चार तास ढिम्म झोपतं. घर खूश. तेवढा वेळ स्तन रिकामा होत नाही, आणि भरलेल्या स्तनात दूध बनण्याचा वेग मंदावतो. त्यातच दूध दाटून छाती कडक झाली की निपल सपाट होतं, बाळाला ते नीट धरता येत नाही, ते चिडतं. मग दुसरी बाटली. आठवड्याभरात दूध खरंच कमी होतं आणि पहिली बाटली देणारेच सांगत फिरतात, "तिला दूधच नव्हतं." या वाक्याचा मला मनस्वी राग आहे.

दूध पोटात जातंय की नाही हे रडण्यावरून नाही, लंगोटावरून कळतं. पहिल्या दिवशी एक शू, दुसऱ्या दिवशी दोन, असं वाढत सहाव्या दिवसापासून चोवीस तासांत किमान सहा. काळी चिकट शी पाचव्या दिवसापर्यंत पिवळी व्हायला हवी. वजन आधी थोडं उतरतंच. दोन आठवड्यांत जन्मावेळचं भरून निघालं की झालं.

आता खरी तपासणी करा: बाळ तोंडात काय धरतंय? नुसतं निपल धरलं तर दूध येत नाही आणि चिरा पडतात. बाळाचं पोट आईच्या पोटाला टेकवा, कान-खांदा-कंबर एका रेषेत ठेवा. डोकं मागून दाबू नका, मानेला आधार द्या. नाकासमोर निपल आणा, जांभईएवढं तोंड उघडेपर्यंत थांबा आणि मग बाळाला स्तनाकडे आणा, स्तन बाळाकडे नाही. हनुवटी रुतलेली, खालचा ओठ बाहेर वळलेला, निपलभोवतीचा काळा भाग वरून जास्त दिसतोय खालून कमी, तर पकड बरोबर. चट्चट् आवाज येत असेल किंवा सुटल्यावर निपल चपटं दिसत असेल तर तोंडाच्या कोपऱ्यातून हिरड्यांमध्ये बोट घालून सोडवा, पुन्हा लावा. छाती कडक असेल तर निपलभोवती बोटांनी मिनिटभर आत, छातीच्या दिशेने दाबून धरा. काळा भाग मऊ पडतो. चोवीस तासांत 8 ते 12 वेळा पाजायचं, घड्याळ बघून नाही.

खाण्याचं उत्तर मग दोन ओळींत संपतं. भुकेएवढं नीट जेवण आणि तहानेएवढं पाणी. तांब्यावर तांबे जबरदस्तीने पाजून दूध वाढत नाही. त्यापेक्षा घरकाम तुम्ही उचला. ताण आणि वेदना असल्या की पान्हा फुटायला वेळ लागतो.

मात्र हेही खरं, की काहींना दूध खरोखर कमी येतं: वारेचा तुकडा आत राहिलेला, खूप रक्तस्राव झालेला, थायरॉईडचा त्रास किंवा स्तनाची आधीची शस्त्रक्रिया. वजन 10 टक्क्यांहून जास्त उतरलं, बाळ प्यायला उठतच नाही, कावीळ वाढतेय किंवा लंगोट कोरडे राहतायत, तर माझं उत्तर वाचत बसू नका, त्याच दिवशी डॉक्टर गाठा. त्यांनी वरचं दूध सांगितलं तर ते द्यायचंच. पण आधी अंगावर पाजून, मग त्यांनी सांगितलं तेवढंच, वाटी-चमच्याने; आणि दर वेळी हाताने किंवा पंपाने दूध काढायचं, म्हणजे स्तनाची मागणी तुटत नाही. काढलेलं दूध बाळाला आधी, वरचं त्यानंतर.