मधुमेहींसाठी फळे आणि कोंड्याचे मफिन: साखर वगळली तरी आकडा का वाढतो?

तुमच्या वडिलांना टाइप 2 मधुमेह असल्यामुळे तुम्ही साखर अजिबात न घालता, तिच्याऐवजी अर्धा कप मध, एक कप मनुका व खजूर आणि दोन पिकलेली केळी वापरून कणीक आणि गव्हाच्या कोंड्याचे 12 मफिन केलेत. त्यांनी न्याहारीला दोन खाल्ले आणि दोन तासांनी ग्लुकोमीटरवर 230 हा आकडा दिसला. शिवाय मफिन कोरडे आणि दडस झाले. कोंडा आणि फळे असूनही असे का व्हावे, आणि गोडीसाठी नेमके काय वापरावे, असे तुम्ही विचारले आहे. या दोन्ही तक्रारींची कारणे तुमच्या कृतीतच सापडतात, म्हणून आधी तिचा हिशेब मांडतो.

अर्धा कप मध म्हणजे सुमारे 170 ग्रॅम आणि त्यात जवळपास 140 ग्रॅम कर्बोदके असतात. एक कप मनुका-खजुरांतून साधारण 115 ग्रॅम आणि दोन मध्यम केळ्यांतून 54 ग्रॅम येतात. ही बेरीज 300 ग्रॅमांच्या वर जाते. ती बारांत वाटली, तर कणीक आणि कोंडा मोजण्यापूर्वीच प्रत्येक मफिनमध्ये सुमारे 25 ग्रॅम कर्बोदके आली, म्हणजे सहा चमचे साखरेत असतात तेवढी. कणीक आणि कोंड्याचे आणखी 12 ग्रॅम धरले, की दोन मफिनांचे मिळून 70 ग्रॅमांपेक्षा जास्त होतात. तेव्हा 230 या आकड्यात आश्चर्य वाटण्याजोगे काही नाही. मध, खजूर, ब्राउन शुगर, मेपल सिरप यांना ‘नैसर्गिक’ म्हटले, तरी पचनानंतर त्यांतून मिळणारे ग्लुकोज आणि फ्रुक्टोज साखरेतून मिळणाऱ्यापेक्षा वेगळे नसते. ‘साखरविरहित’ या नावाखाली फिरणाऱ्या बहुतेक पाककृतींमध्ये साखर फक्त दुसऱ्या डब्यातून काढलेली असते, असे माझे स्पष्ट मत आहे.

त्यामुळे मधुमेहींसाठी मफिन करताना साखर घातली की नाही हा प्रश्न मी दुय्यम मानतो. एका मफिनमध्ये एकूण कर्बोदके किती आणि त्यांच्यासोबत तंतू, प्रथिने व स्निग्धांश किती, हे आधी पाहावे. बेकरीतल्या मोठ्या ब्रान मफिनमध्येही 50 ते 60 ग्रॅम कर्बोदके सहज असतात. त्यातला कोंडा खरा असला, तरी त्याच्या भोवतीचा मैदा आणि साखरही तितकीच खरी असते.

कोंड्याबद्दलही थोडा गैरसमज आहे. 100 ग्रॅम गव्हाच्या कोंड्यात सुमारे 43 ग्रॅम तंतू असतात, पण ते बहुतांशी न विरघळणारे असतात. पोट साफ राहण्यासाठी ते उत्तम. जेवणानंतर चढणाऱ्या साखरेचा वेग मात्र ते फारसा रोखत नाहीत. कोंड्याचा मधुमेहींना होणारा मोठा फायदा वेगळाच आहे: तो मैद्याची किंवा कणकेची जागा घेतो आणि तेवढ्याच वजनात पचणारा स्टार्च बराच कमी होतो. ओट ब्रानचे, म्हणजे ओटच्या कोंड्याचे, काम निराळे आहे. त्यातला बीटा-ग्लुकान हा विरघळणारा तंतू पाण्यात दाटसर होतो, त्यामुळे अन्न जठरातून सावकाश पुढे सरकते आणि ग्लुकोज हळूहळू शोषले जाते. हा परिणाम खरोखर दिसण्यासाठी दर 30 ग्रॅम कर्बोदकांमागे सुमारे 4 ग्रॅम बीटा-ग्लुकान लागते, असे युरोपीय अन्नसुरक्षा प्राधिकरणाने 2011 मध्ये नमूद केले आहे. दोन चमचे ओट ब्रान वरून भुरभुरल्याने एवढे साधत नाही. मी स्वतः तृतीयांश कोंडा ओट ब्रानने बदलतो, पण त्याचे मुख्य कारण पोत हे आहे. मफिन मऊ राहतो.

आता कोरडेपणाकडे येतो. कोंडा स्पंजाप्रमाणे पाणी ओढतो, पण सावकाश. तुम्ही कोरडा कोंडा कणकेत मिसळून लगेच ओव्हनमध्ये ठेवलात, म्हणून भाजणे सुरू झाल्यावर त्याने आजूबाजूचा ओलावा खेचून घेतला आणि पीठ कोरडे पडले. यासाठी कोंडा आधी ताकात किमान पंधरा-वीस मिनिटे भिजवावा. भिजलेला कोंडा चमच्याने दाबला असता कडेला किंचित ताक सुटले पाहिजे. तो गोळ्यासारखा घट्ट झाला असेल, तर दोन-तीन चमचे ताक आणखी घालावे. भिजवण्याचा दुसरा फायदा असा, की कोंड्याच्या कडा मऊ होतात. एरवी त्या पिठातील ग्लुटेनचे (गव्हातल्या चिवट प्रथिनाचे) जाळे जागोजागी तोडतात आणि मफिन फुगत नाही.

माझे प्रमाण 12 मफिनांसाठी असे आहे. 90 ग्रॅम गव्हाचा कोंडा (सुमारे दीड कप) 240 मिली दाट ताकात भिजवावा. दुसऱ्या भांड्यात 120 ग्रॅम कणीक, दीड चमचा बेकिंग पावडर, अर्धा चमचा खाण्याचा सोडा, पाव चमचा मीठ आणि एक चमचा दालचिनीची पूड एकत्र चाळून घ्यावी. येथे चमचा म्हणजे 5 मिलीचा मापाचा चमचा. सोड्याच्या बाबतीत अंदाज चालत नाही. भिजलेल्या कोंड्यात दोन अंडी, 60 मिली तेल, 25 ग्रॅम साखर, कुस्करलेले 100 ग्रॅम पिकलेले केळे आणि थोडा व्हॅनिला घालून नीट फेटावे. 150 ग्रॅम सफरचंद सालासकट जाड किसून आणि 50 ग्रॅम अक्रोड तुकडे करून तयार ठेवावेत. या प्रमाणात एका मफिनमध्ये 19 ते 20 ग्रॅम एकूण कर्बोदके आणि त्यांपैकी सुमारे 5 ग्रॅम तंतू येतात. तुमच्या आधीच्या मफिनच्या जवळपास निम्मे.

मधुमेहींच्या मफिनमध्ये 25 ग्रॅम साखर कशासाठी, असे तुम्ही नक्की विचाराल. बारा मफिनांत ती प्रत्येकी दोन ग्रॅम पडते, आणि तेवढ्यात बरेच काम करते. साखर केवळ गोडी देत नाही. ती ओलावा धरून ठेवते, ग्लुटेन फार कडक होऊ देत नाही आणि वरच्या थराला तांबूस रंग आणते. ती पूर्ण काढली, तर मफिन फिकट आणि चिवट होतो, आणि मग ती उणीव भरून काढण्यासाठी माणूस वरून जॅम लावतो, ज्यात हिशेब पुन्हा बिघडतो. तरीही ती नकोच असेल, तर काढून टाकावी. बाकी प्रमाणात फरक करण्याची गरज नाही.

कोरडे आणि ओले मिश्रण एकत्र करण्याची पायरी मात्र जपून करावी. कोरड्या मिश्रणाच्या मध्ये खळगा करून ओले एकदम ओतावे आणि लाकडी चमच्याने तळापासून वर उलथत जेमतेम कालवावे. कोरडे पीठ दिसेनासे झाले की हात थांबवावा. गाठी राहिल्या तरी चालतात. सगळे गुळगुळीत होईपर्यंत घोटत बसले, तर ग्लुटेन ताणले जाते आणि भाजलेला मफिन मधोमध फोडल्यावर आत तळापासून वरपर्यंत गेलेली लांबट पोकळ बिळे दिसतात, शिवाय वरचा भाग गोल न राहता टोकदार होतो. शेवटी सफरचंद आणि अक्रोड घालून दोन-तीन वळसे द्यावेत. सोडा ताकातल्या आम्लाशी लगेच काम करू लागतो, त्यामुळे ओव्हन आधीच 190 अंश सेल्सिअसला तापलेला हवा. भाजायला 20 ते 22 मिनिटे लागतात. टोचलेली काडी कोरडी निघाली आणि वरून बोटाने दाबल्यावर भाग परत वर आला, की झाले. पाच मिनिटांनी साच्यातून काढून जाळीवर ठेवावेत, नाहीतर वाफेने तळ ओलसर होतो.

फळांच्या निवडीत पाण्याचा अंश आणि पिकण्याची अवस्था पाहावी. केळे जसे पिकते तसा त्यातल्या स्टार्चचा साखरेत बदल होतो, म्हणून काळ्या ठिपक्यांचे केळे चवीला चांगले असले तरी एकच वापरावे. स्ट्रॉबेरीत 100 ग्रॅमला जेमतेम 8 ग्रॅम कर्बोदके असतात, पण ती पाणी सोडते, म्हणून बारीक चिरून चमचाभर कणकेत घोळवून घालावी. गोठवलेल्या ब्लूबेरी न वितळवता घालाव्यात. सोडा जास्त झाला तर त्यांच्याभोवती हिरवट-निळसर डाग पडतात. ते दिसायला विचित्र असले तरी खायला निर्धोक असतात. फळांचा रस मात्र वापरू नये, कारण त्यात साखर राहते आणि तंतू जातात. मनुका हव्याच असतील तर अर्ध्या कपाऐवजी दोन मोठे चमचे घ्याव्यात आणि बारीक चिराव्यात, म्हणजे प्रत्येक घासाला थोडी गोडी लागते.

कृत्रिम आणि बिनसाखरेच्या गोडव्यांबाबत माझे धोरण सावध आहे. स्टीव्हिया साखरेच्या 200 ते 300 पट गोड असल्याने चिमूटभर पुरते, पण साखरेचे वस्तुमान आणि ओलावा ती देत नाही. एरिथ्रिटॉल उष्णतेत टिकते आणि साखरेच्या सुमारे 70 टक्के गोड असते, मात्र त्याने तांबूस रंग येत नाही आणि जिभेवर गारवा जाणवतो. अॅस्पार्टेम भाजताना आपली गोडी गमावते, त्यामुळे येथे उपयोगाचे नाही. माल्टिटॉल ‘शुगर फ्री’ म्हणून विकले जात असले तरी रक्तातील साखर काही प्रमाणात वाढवते, आणि दाणेदार सुक्रालोजच्या पुड्यांत भर म्हणून माल्टोडेक्स्ट्रिन (स्टार्चपासून बनवलेले, लवकर पचणारे कर्बोदक) असू शकते. म्हणून घटकांची यादी वाचावी. जागतिक आरोग्य संघटनेने 2023 मध्ये वजन नियंत्रणासाठी असे गोडवे वापरू नयेत अशी शिफारस केली, परंतु आधीच मधुमेह असलेल्या व्यक्तींना त्या शिफारशीतून वगळले होते. तुमच्या वडिलांसाठी थोडी स्टीव्हिया वर्ज्य आहे असे मी म्हणणार नाही. पण वर दिलेल्या कृतीला तिची गरज पडत नाही.

वाढताना एका वेळी एकच मफिन द्यावा आणि त्यासोबत अंडे, साधे दही किंवा मूठभर सुकामेवा असावा. पहिला घास घेण्यापूर्वी आणि त्यानंतर दोन तासांनी साखर मोजावी. अमेरिकन डायबिटीज असोसिएशन बहुतेक प्रौढांसाठी जेवणानंतरचा आकडा 180 च्या खाली असावा असे सुचवते, पण तुमच्या वडिलांचे लक्ष्य त्यांच्या डॉक्टरांनी ठरवलेलेच धरावे. ते जेवणाच्या कर्बोदकांप्रमाणे इन्सुलिन घेत असतील, तर तंतू वजा करायचे की नाहीत हेही डॉक्टरांकडूनच ठरवून घ्यावे. पाकिटावरची माहिती वाचताना एक गोष्ट ध्यानात ठेवावी: अमेरिकेत एकूण कर्बोदकांच्या आकड्यात तंतू धरलेले असतात, युरोपात ते आधीच वगळून छापतात. युरोपीय पाकिटावरून तंतू पुन्हा वजा केले, तर हिशेब चुकीचा होतो.

साखर एकाएकी उतरून घाम, थरथर सुरू झाली, तर हा मफिन देऊ नये. त्यातले तंतू आणि तेल शोषण लांबवतात, आणि त्या वेळी 15 ग्रॅम ग्लुकोज किंवा साखरपाणी यांसारखे लगेच शोषले जाणारे काही हवे असते. मूत्रपिंडाचा आजार असेल तर कोंड्यातील पोटॅशियम आणि फॉस्फरस जास्त असल्याने आधी विचारावे. मधुमेहामुळे जठर रिकामे व्हायला वेळ लागण्याचा त्रास असलेल्यांनाही इतका कोंडा सोसत नाही. आजवर कोंडा खाल्ला नसेल, तर अर्ध्या मफिनपासून सुरुवात करावी आणि पाणी पुरेसे प्यावे.

साखर कमी आणि फळे जास्त असल्याने हे मफिन लवकर बुरसटतात. बाहेर दोन दिवस, फ्रीजमध्ये चार-पाच दिवस, त्याहून जास्त ठेवायचे झाल्यास पूर्ण थंड करून एकेक गुंडाळून फ्रीझरमध्ये; तेथे ते दोन-तीन महिने चांगले राहतात आणि रोज एकच बाहेर काढला जात असल्याने दुसऱ्याचा मोहही होत नाही. खाताना ओव्हनमध्ये 160 अंशांवर दहा-बारा मिनिटे ठेवले, की वरचा थर पुन्हा कुरकुरीत होतो. मायक्रोवेव्हमध्ये ते पटकन गरम होतात, पण थंड होताच चिवट होतात.