तारुण्य नाही म्हणजे नेमकं काय नाही?

प्रश्न : मी एका सामाजिक संस्थेसाठी इंग्रजी अहवालांचा मराठी अनुवाद करतो. सुरगाणा आणि पेठ तालुक्यांतल्या पाड्यांविषयीच्या एका मजकुरात 'यूथलेस व्हिलेजेस' असे शब्द आले. माझ्याजवळच्या कोशात 'यूथलेस' सापडला नाही. मी 'तारुण्यहीन गावे' लिहिलं, वरिष्ठांनी ते खोडून 'यौवनशून्य गावे' केलं. दोन्ही खटकतात. असा शब्द खरंच आहे का? असल्यास अर्थ काय आणि मराठीत काय लिहावं?
— एक अनुवादक, पंचवटी, नाशिक

उत्तर : शब्द खरा आहे, पण फार क्वचित भेटणारा. लहान कोश असे शब्द गाळतात. 'यूथ' ठाऊक आहे, 'लेस' ठाऊक आहे, तेव्हा वाचक दोन्ही जोडून घेईल असा त्यामागचा हिशेब असतो. तो हिशेब इथे चुकतो, कारण या शब्दाचे दोन्ही तुकडे दिसतात तेवढे सरळ नाहीत.

आधी शेपटी बघू. हा 'लेस' म्हणजे 'कमी' नव्हे. 'मोअर'च्या उलट जो 'लेस' आपण शाळेत शिकतो त्याच्याशी याचं मुळातून नातं नाही. शब्दाच्या शेवटी लागणारा 'लेस' जुन्या इंग्रजीतल्या 'मोकळा, विरहित' अशा अर्थाच्या शब्दापासून आला. 'लूज' हा त्याचा भाऊबंद, आणि जर्मन भाषेत त्याच कामासाठी 'लोस' लागतो. म्हणून 'यूथलेस' म्हणजे 'कमी तरुण' नाही. ज्यात यूथ अजिबात नाही, ते यूथलेस.

आता पुढचा तुकडा. इंग्रजीत 'यूथ'चे तीन अर्थ रोज वापरात आहेत. एक, आयुष्याचा तो काळ आणि त्याचे गुण, म्हणजे तारुण्य. दुसरा, तरुण मंडळी सगळी मिळून, ज्यांना आपण युवावर्ग म्हणतो. तिसरा, एखादा तरुण मुलगा. बातमीत 'अ यूथ वॉज अरेस्टेड' असं येतं तो हा तिसरा. माणसाला 'यूथलेस' म्हटलं की पहिला अर्थ लागू होतो, गावाला म्हटलं की दुसरा. तुमच्या 'तारुण्यहीन गावे'मध्ये पहिला अर्थ गावाला चिकटला, म्हणून ते खटकलं. 'यौवनशून्य'ने तर अडचण वाढवली. यौवन हा मराठीत देहाच्या बहराचा शब्द आहे, तो कवितेत शोभतो, लावणीत शोभतो. स्थलांतराच्या अहवालात तो आला की वाचकाचं लक्ष गावावरून भलतीकडेच जातं.

मग काय लिहायचं? माझं मत स्पष्ट आहे : इथे विशेषण शोधूच नका, वाक्य करा. 'या गावांत तरुण राहिलेले नाहीत' हे साधं वाक्य अहवालाला पुरेसं आहे. आणि मजकूर थोडा मोकळ्या भाषेतला असेल तर आपल्याकडचं कुठलंही खेड्यातलं माणूस जे म्हणेल ते लिहा : 'गावात तरणंताठं माणूस औषधालाही सापडत नाही.' करती-सवरती पोरं, हाताशी आलेली पोरं, तरणीताठी माणसं असे शब्द आपल्याकडे आहेत, आणि त्यांत गावाने काय गमावलं तेही आपोआप कळतं. 'हाताशी आलेला' म्हटलं की ज्याचा आधार झाला असता असा मुलगा डोळ्यांपुढे येतो. 'यूथलेस'मध्ये तेवढं मावत नाही.

पण अनुवादाच्या आधी मूळ मजकुरालाच एक प्रश्न विचारा. सुरगाणा-पेठकडची माणसं पावसाळ्यात गावीच असतात. भात आणि नागलीची लावणी असते, घरातल्या प्रत्येक हाताला काम असतं. पावसाळा सरला की दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांत मजूर लागतात. गोडी छाटणीला लागतात, पुढे विरळणीला, घड औषधात बुडवायला, शेवटी काढणीला. दिंडोरी रोडने संध्याकाळी येणाऱ्या पिकअपमध्ये दाटीवाटीने उभी असलेली पोरं-पोरी नाशिककरांनी पाहिलेली आहेत. त्या महिन्यांत पाड्यावर म्हातारी माणसं आणि शाळेतली मुलं उरतात. होळीला पुन्हा घरं भरतात. हे गाव वर्षभर यूथलेस नाही, हंगामापुरतं आहे. इंग्रजी लिहिणाऱ्याने एका शब्दात गाव कायमचं ओसाड करून टाकलं, आणि तेच तुम्ही मराठीत आणलंत तर वाचणाऱ्या अधिकाऱ्याला वाटेल की इथे शाळा नको, दवाखाना नको, कारण राहतंय कोण? म्हणून माझा आग्रह आहे, संस्थेतल्या लोकांशी बोला आणि लिहा : 'पावसाळ्यानंतर कामाच्या हंगामात या पाड्यांवर तरुण माणसं राहत नाहीत.' शब्द वाढले तरी चालतील.

आणखी एक बघा. 'यूथ' कोणत्या वयाला म्हटलंय ते अहवालात कुठेतरी असेल. संयुक्त राष्ट्रसंघ आकडेवारीसाठी १५ ते २४ वर्षांचं वय धरतो. आपल्या २०१४च्या राष्ट्रीय युवा धोरणात ते १५ ते २९ आहे, त्याआधीच्या २००३च्या धोरणात १३ ते ३५ होतं. पस्तिशीचा माणूस एका व्याख्येत तरुण आहे आणि दुसऱ्या व्याख्येत नाही. गावात 'तरुण नाहीत' हे विधान या आकड्याशिवाय लटकत राहतं.

प्रश्न : मी बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे आणि इंग्रजीत एक कथा लिहिते आहे. त्यात सतरा वर्षांची मुलगी आहे, वडील गेल्यावर भाजीचं दुकान आणि घर तीच सांभाळते. तिच्यासाठी मी 'अ यूथलेस फेस' असं लिहिलं. मैत्रीण म्हणते याचा अर्थ म्हातारा चेहरा होतो, हे अपमानकारक आहे. बदलू का?
— कॉलेज रोड, नाशिक

उत्तर : बदलू नका. या शब्दाचा इतका नेमका उपयोग क्वचितच कुणी करतं.

मैत्रिणीची शंका समजते, पण 'ओल्ड', 'एल्डरली', 'एजेड' हे शब्द चेहऱ्यावर काय आहे ते सांगतात. 'यूथलेस' काय नाही ते सांगतो. आणि एखादी गोष्ट नाही असं आपण तेव्हाच म्हणतो, जेव्हा ती असायला हवी होती. ऐंशी वर्षांच्या आजीला यूथलेस म्हणण्यात काही अर्थ नाही. तिचं तारुण्य होतं, ते तिने जगलं, ते सरलं. सतराव्या वर्षी चेहऱ्यावर ते नसेल, तर ते कुणीतरी घेतलं आहे किंवा येऊच दिलं नाही. तुमच्या कथेतला हा शब्द वाचकाला विचारायला लावतो, कुठे गेलं ते? कथेला आणखी काय हवं?

एवढी काळजी मात्र घ्या की शब्द एकदाच येऊ दे. दुर्मीळ शब्द दुसऱ्यांदा आला की वाचक मुलीऐवजी शब्दाकडे बघायला लागतो.

तुम्ही ही कथा कधी मराठीत लिहाल अशी मला आशा आहे, म्हणून थोडं त्याबद्दल. या मुलीसाठी मराठीत एक शब्द नाही, चार-पाच आहेत आणि प्रत्येकाची बाजू वेगळी आहे. 'थोराड' हा बांध्याचा आणि चेहऱ्याचा शब्द : वयापेक्षा मोठी दिसणारी. त्यात मनाचा संबंध नाही. 'जून' आणि 'निबर' हे भाजीच्या पाटीतले शब्द माणसांनाही लागतात. गंगेवरच्या, म्हणजे गोदाकाठच्या बाजारात भेंडीचं टोक मोडून बघणारी बाई 'जून आहे गं' म्हणते, तोच शब्द माणसाला लावला की त्यात कोवळेपण संपल्याची भावना येते. 'निबर'मध्ये त्यापुढची एक पायरी आहे, कातडी जाड झाल्याची, काही लागेनासं झाल्याची. टोमणे ऐकून निबर झालेलं माणूस आपण म्हणतो ते याच अर्थाने. तुमच्या कथेतली मुलगी भाजी विकते, तेव्हा हे शब्द तिच्या तोंडी रोजचेच असणार. ते तिच्याबद्दल दुसऱ्या कुणाच्या तोंडी कधी घालायचे, हे तुम्ही ठरवा.

आणि 'पोक्त'. हा फारसीतल्या 'पुख्ता'वरून आला, शिजलेला, पिकलेला, पक्का झालेला. मराठीत तो कौतुकाचा शब्द आहे, आणि मला त्याचीच सर्वांत जास्त भीती वाटते. शाळेत शिकवत असताना मी अशा मुली पाहिल्या ज्या धाकट्या भावंडांचं आवरून, पाणी भरून, पोळ्या लाटून वर्गात यायच्या. पालकसभेला घरचे अभिमानाने सांगायचे, 'आमची मुलगी फार पोक्त आहे हो, कधी हट्ट नाही, कधी खेळायला जायचं नाव नाही.' ऐकणारे माना डोलवायचे. तिला खेळायचं नव्हतं की खेळायला वेळ नव्हता, हे कुणी विचारत नसे. त्यातल्या काहींचं शिक्षण दहावीलाच थांबलं. इंग्रजीतला 'यूथलेस' जे गेलं ते गेलं म्हणून दाखवतो, आपला 'पोक्त' त्याच जागी शाबासकी देऊन मोकळा होतो. मराठीत लिहाल तेव्हा 'पोक्त' हा शब्द एखाद्या मावशीच्या किंवा काकूच्या तोंडी घाला आणि मुलीला काय वाटतं ते दाखवा. दोन्ही शेजारी शेजारी आलं की वेगळं काही सांगावं लागणार नाही.

शब्दांच्या या छटा नीट पाहायच्या असतील तर नाशिकच्या सार्वजनिक वाचनालयात एक दुपार काढा. १८४०मध्ये सुरू झालेली ही संस्था आहे. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश मागा आणि दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोशही. एकच शब्द दोन्हींत शेजारी उघडून वाचा. मोल्सवर्थचा कोश पहिल्यांदा १८३१ साली निघाला, तरी त्यातली कितीतरी घरगुती मराठी आजही ओळखीची वाटते.

प्रश्न : एका शब्दकोड्यात 'अ‍ॅजरेझिया' असा शब्द आला. उत्तराच्या पानावर 'वय न दिसणे' एवढंच होतं. याचा आपल्या 'जरा'शी काही संबंध आहे का?
— सिन्नर

उत्तर : आहे. आणि तो तुम्ही ऐकून ओळखलात याचा मला फार आनंद झाला.

हा शब्द मूळचा ग्रीक. सुरुवातीचा 'अ' नकाराचा, आपल्यासारखाच. पुढचा भाग 'गेरस', म्हणजे म्हातारपण. वृद्धांच्या आजारांवरच्या दवाखान्यात 'जेरियाट्रिक्स' अशी पाटी दिसते, तिथेही हाच 'गेरस' आहे. ग्रीक 'गेरस' आणि संस्कृत 'जरा' एकाच प्राचीन मुळातून निघालेले शब्द आहेत. म्हणजे नकाराचा 'अ' आणि म्हातारपणाचा शब्द, अशी बांधणी तिकडे झाली तशीच इकडे 'अजर'मध्ये झाली. 'अजरामर' म्हणताना आपण त्यातला अर्धा शब्द रोज उच्चारतो.

अर्थात मात्र फरक आहे. 'अजर' हे देवांचं विशेषण, त्यांना म्हातारपण येतच नाही. 'अ‍ॅजरेझिया' जुन्या इंग्रजी कोशांत माणसासाठी येतो : वय झालंय, पण त्याच्या खुणा अंगावर नाहीत. रोज पहाटे गोदाकाठी फिरायला येणाऱ्यांत अशी माणसं दिसतात. त्यांना 'चिरतरुण' म्हणायची हल्ली फार सवय लागली आहे, वाढदिवसाच्या प्रत्येक फलकावर तो शब्द असतो. मला तो पटत नाही. सत्तरीच्या माणसाने सत्तर वर्षं खर्ची घातलेली असतात, ती पुसून त्याला तरुण म्हणणं हा सन्मान नव्हे. 'वय दिसत नाही हो तुमचं' यात ते वय मान्य केलेलं असतं. चेहऱ्यापुरतं बोलायचं असेल तर 'पोरगेलेसा' हा फार गोड शब्द आपल्याकडे आहे, तो मागे पडू देऊ नका.

यावरून एक लक्षात येईल. 'यूथलेस'च्या उलट 'एजलेस' असं वरवर वाटतं, पण 'एजलेस' ही स्तुती आहे आणि 'यूथलेस' ही खंत. शेपटी तीच. 'प्राइसलेस' म्हणजे अमोल आणि 'वर्थलेस' म्हणजे कवडीमोल, तिथेही तसंच. 'लेस' फक्त नाही म्हणतो, त्या नाहीचं सुख मानायचं की दुःख, ते आधी आलेला शब्द ठरवतो.

प्रश्न : 'यूथ' हा इंग्रजी शब्द संस्कृतातल्या 'यूथ'वरूनच गेला, असं आमच्या मंडळाच्या कार्यक्रमात एका वक्त्याने सांगितलं. खरं आहे का?
— सातपूर

उत्तर : नाही. संस्कृत 'यूथ' म्हणजे कळप. हत्तींच्या कळपाचा नायक तो यूथपती. तो शब्द जोडणे, एकत्र बांधणे या अर्थाच्या 'यु' धातूवरून आला. उच्चार जुळला हा निव्वळ योगायोग आहे. खरं नातं 'युवन्'शी आहे, ज्याचा आपला 'युवा' झाला. इंग्रजीतले 'यंग' आणि 'यूथ', लॅटिनमधला 'युवेनिस' आणि त्यावरून आलेला, कायद्याच्या बातम्यांत दिसणारा 'ज्युव्हेनाइल', ही सगळी 'युवन्'ची भावंडं आहेत. यातलं कुणी कुणाकडून उसनं घेतलं असं नाही. संस्कृत, लॅटिन आणि इंग्रजी या तिन्हींच्या मागे असलेल्या एका प्राचीन भाषेतून ते आपापल्या वाटेने आले. मंडळाच्या पुढच्या पत्रिकेवर 'यूथ महोत्सव' छापण्याऐवजी 'युवा महोत्सव' छापलंत, तरी तुम्ही त्याच घराण्यातला शब्द वापरत असाल.