सही कुणाची, विमा कशाचा? खेळाडू मुलांच्या पालकांचे प्रश्न

क्लबांचे नवे प्रवेश आणि तालुका पातळीपासून सुरू होणाऱ्या शालेय स्पर्धा, या दोन्हींच्या निमित्ताने आलेल्या पत्रांतले निवडक प्रश्न या वेळी घेतले आहेत.

प्रश्न : मुलगा 12 वर्षांचा आहे. क्रिकेट अकादमीच्या वार्षिक फीमध्ये ‘एक लाखाचा अपघात विमा’ धरलेला होता. झेल घेताना पडून मनगटाजवळचं हाड मोडलं, तारा घालाव्या लागल्या, 58 हजार खर्च आला. विमा कंपनीने एक रुपयाही दिला नाही. अकादमीने फसवलं का? – एक पालक, कोल्हापूर

उत्तर : फसवलंच असेल असं नाही. स्वस्तातली पॉलिसी घेतली आणि आत काय लिहिलंय ते कुणी वाचलं नाही, असंच बहुतेक ठिकाणी झालेलं असतं. वैयक्तिक अपघात विमा हा मुळात उपचारांचा खर्च देणारा विमा नाही. अपघाती मृत्यू, कायमचं पूर्ण अपंगत्व आणि कायमचं अंशतः अपंगत्व, एवढ्यासाठीच तो असतो. अंशतः अपंगत्वाचा तक्ता पॉलिसीत छापलेला असतो आणि कोणता अवयव गेला तर विमा रकमेच्या किती टक्के, हे त्यावरून ठरतं. तुमच्या मुलाचं हाड जुळलं, हात पूर्वीसारखा चालू लागला, म्हणजे त्या तक्त्यात बसणारं काही उरलं नाही. मुलाच्या दृष्टीने उत्तम, दाव्याच्या दृष्टीने शून्य.

काही पॉलिसींत तात्पुरत्या अपंगत्वासाठी दर आठवड्याला रक्कम मिळते, पण ती बुडालेल्या कमाईची भरपाई असते. शाळकरी मुलाची कमाईच नाही, त्यामुळे मुलांना हे कलम सहसा लागू करत नाहीत.

खरी गोम पुढे आहे. जुन्या धाटणीच्या पॉलिसींत ‘वैद्यकीय खर्च’ असं पूरक कलम असतं आणि विकताना नेमकं तेच दाखवलं जातं. त्याची वाक्यरचना साधारण अशी असते : ‘मंजूर दाव्याच्या अमुक टक्के किंवा विमा रकमेच्या अमुक टक्के, यांपैकी कमी असेल ती रक्कम.’ मुख्य दावाच मंजूर नाही, तर शून्याचे 40 टक्के काढले काय नि 25 काढले काय! म्हणून अकादमीकडे ‘मुख्य दाव्यावर अवलंबून नसलेला अपघाती रुग्णालय खर्च’ या पॉलिसीत आहे का, हे याच शब्दांत विचारा. असेल तर कमाल रक्कम किती, आणि भरती न होता केलेलं प्लास्टर, एक्स-रे, टाके, तुटलेला दात यांचा खर्च मिळतो का, हेही विचारा. मुलांच्या बहुतेक दुखापती 24 तास भरती राहण्याजोग्या नसतातच.

विमा आहे असं सांगणारं प्रमाणपत्र पुरेसं नाही, पूर्ण पॉलिसीची प्रत मागा. त्यातल्या तारखा पाहा. अकादमीचं वर्ष जून ते मे आणि पॉलिसी 31 मार्चला संपणारी, असं असेल तर एप्रिल-मेचं उन्हाळी शिबिर, म्हणजे मैदानावर सर्वांत जास्त मुलं असण्याचा काळ, विम्याविना जातो. मुलांची यादी नावानिशी आहे की नुसती संख्या आहे, आणि मध्येच प्रवेश घेतलेल्याचं नाव कंपनीला कधी कळवतात, तेही पाहा. सामन्यासाठी बाहेरगावी जातानाचा प्रवास धरलेला आहे का, हे विचारायचं राहून जातं.

स्वतः घ्यायचा असेल तर 1 एप्रिल 2021 पासून सर्वसाधारण विमा कंपन्यांकडे ‘सरल सुरक्षा विमा’ ही सारख्या अटींची पॉलिसी आहे. विमा रक्कम अडीच लाखांपासून एक कोटीपर्यंत असते आणि आई किंवा वडिलांच्या पॉलिसीत मुलांना घेता येतं. तिच्यातही रुग्णालय खर्चाचं कलम ऐच्छिक आहे, जादा हप्ता भरून घ्यावं लागतं, आणि त्याची मर्यादा विमा रकमेच्या 10 टक्के. म्हणजे अडीच लाखांवर 25 हजार. तुमचे 58 हजार निघायला सहा लाखांच्या आसपास विमा हवा होता. त्यापेक्षा घरच्या आरोग्य विम्यात मुलाचं नाव असणं जास्त कामाचं. नव्या पॉलिसीचा पहिला 30 दिवसांचा प्रतीक्षा काळ, म्हणजे दावा करता येत नाही तो सुरुवातीचा काळ, अपघाताला लागू होत नाही.

प्रश्न : 17 वर्षांखालील मुलींचा खो-खो संघ विभागीय स्पर्धेला न्यायचा आहे. ‘कोणत्याही उपचारास आमची संमती आहे’ असं एका ओळीचं पत्र पालकांकडून घेतो. ते चालेल का? – क्रीडाशिक्षक, बीड

उत्तर : ते पत्र जिथे गरज नसते तिथे चालतं आणि गरज असते तिथे अडतं. जीव धोक्यात असेल आणि पालक गाठता येत नसतील, तर डॉक्टर संमतीविना उपचार करू शकतात. भारतीय न्याय संहितेचं कलम 30 त्यांना संरक्षण देतं. तातडीचा उपचार नाकारायचा नाही, मग रुग्णालय सरकारी असो वा खासगी, हे सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्येच परमानंद कटारा खटल्यात सांगितलं आहे.

पेच पडतो तो मधल्या दुखापतींत. कोपर निखळलं आहे, भूल देऊन बसवायचं आहे, चार तास थांबलं तर जीव जाणार नाही. अशा वेळी रुग्णालय पालकांची सही मागणारच, कारण शिक्षक हा कायदेशीर पालक नव्हे. ‘कोणत्याही उपचारास’ ही सरसकट भाषाही डॉक्टरांच्या उपयोगाची नाही. एका प्रक्रियेची संमती दुसऱ्या प्रक्रियेला चालत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये समीरा कोहली खटल्यात स्पष्ट केलं आहे.

म्हणून संमतीपत्राचे दोन भाग करा आणि दोन्हींवर वेगळी सही घ्या. पहिल्या भागात प्रथमोपचार, तपासणी, एक्स-रे, औषधं, टाके, भूल न देता घातलेलं प्लास्टर आणि रुग्णालयात भरती करणं. यासाठी सोबतच्या शिक्षकांना नावानिशी अधिकार द्या. दुसऱ्या भागात शस्त्रक्रिया, भूल आणि रक्त देणं. यासाठी डॉक्टर आधी पालकांशी फोनवर बोलतील, फोन लागलाच नाही आणि थांबणं धोक्याचं असेल तर डॉक्टरांचा निर्णय मान्य, असं लिहा. फोनवरची संमती घेताना स्पीकर चालू ठेवून दोन साक्षीदार उभे करावेत. वेळ, फोन नंबर आणि काय सांगितलं ते डॉक्टरांनी केसपेपरवर लिहावं. भरलेल्या फॉर्मवर पालकांनी सही करून व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो पाठवला तर बऱ्याच ठिकाणी काम पुढे सरकतं. मूळ सही पालक पोहोचल्यावर होते.

आई-वडिलांचे नंबर तर घ्याच, शिवाय तिसरा नंबर अशा नातेवाइकाचा घ्या जो गाडी काढून येऊ शकेल. शेतात रेंज नसते, कारखान्यात पाळीच्या वेळी फोन जमा करून घेतात, आणि अडचण नेमकी तेव्हाच येते. दमा, फिट्स, औषधाची अ‍ॅलर्जी, पूर्वीची शस्त्रक्रिया आणि धनुर्वाताचं शेवटचं इंजेक्शन कधी, हे लिहून घ्या. सरकारी लसीकरणात धनुर्वाताची लस 10 आणि 16 व्या वर्षी असते आणि 16 ची बऱ्याच मुलींची राहिलेली असते. निघण्याआधी घेतलेली बरी. रक्तगटाचा रकाना सगळ्या फॉर्मवर ठळक असतो, पण रक्त देण्याआधी रुग्णालय गट पुन्हा तपासतंच, त्यासाठी कुणाची धावपळ करू नका.

आजी-आजोबांकडे किंवा वसतिगृहात राहणाऱ्या मुलीचं पत्र आई किंवा वडिलांच्याच सहीचं हवं. एक प्रत तुमच्या बॅगेत, एक मुलीच्या किटमध्ये. संघाच्या ग्रुपवर मात्र हे फॉर्म टाकू नका. कुणाला फिट्स येतात हे साऱ्या गावाला कळायचं कारण नाही.

प्रश्न : ‘पाल्यास इजा झाल्यास शाळा जबाबदार राहणार नाही’ असं हमीपत्र भरून मागतात. सही केली तर आमचा हक्क जातो का? – एक आई, ठाणे

उत्तर : नाही. खेळ म्हटलं की खरचटणं, मुरगळणं आलंच आणि ते तुम्हाला ठाऊक आहे, एवढाच पुरावा त्या कागदाने होतो. गोलपोस्ट जमिनीत पक्का केला नव्हता, डोक्याला मार लागलेल्या मुलाला पुन्हा खेळायला उतरवलं, असल्या निष्काळजीपणाची जबाबदारी हमीपत्राने पुसली जात नाही. सही करताना त्याच कागदावर ‘खेळातील नेहमीच्या जोखमीची कल्पना आहे’ असं हाताने लिहा आणि फोटो काढून ठेवा.

प्रश्न : जिल्हास्तरीय स्पर्धेत आमच्या विद्यार्थ्याचा पाय मोडला. घरची परिस्थिती बेताची. सरकारी मदत मिळते का? – मुख्याध्यापक, नंदुरबार

उत्तर : मिळते. पहिली ते बारावीच्या विद्यार्थ्यांसाठी राजीव गांधी विद्यार्थी अपघात सुरक्षा योजना आहे. तिच्यातून सानुग्रह अनुदान मिळतं, विम्यासारखा हप्ता भरावा लागत नाही. 21 जून 2022 च्या शासन निर्णयात क्रीडा स्पर्धेत खेळताना झालेल्या दुखापतीचा स्पष्ट उल्लेख आहे : रुग्णालयाचा प्रत्यक्ष खर्च, कमाल एक लाख. एक अवयव किंवा एक डोळा कायमचा निकामी झाल्यास 75 हजार, दोन झाल्यास एक लाख, मृत्यू झाल्यास दीड लाख. प्रस्ताव तुमच्याच सहीने शिक्षण विभागाकडे जायचा आहे. स्पर्धेच्या संयोजकांचं घटनेचं पत्र त्याच दिवशी घ्या. महिन्याने पंचही सापडत नाहीत. मूळ बिलं आणि डिस्चार्ज कार्डच्या दोन-दोन झेरॉक्स आधी काढा.

हा पैसा मागाहून येतो. आजचं बिल भागवायला महात्मा जोतीराव फुले जनआरोग्य योजनेत सामील (अंगीकृत) रुग्णालयात त्या योजनेचा मदतनीस, म्हणजे आरोग्यमित्र गाठा आणि शिधापत्रिका सोबत न्या. मैदानावरून न्यायला 108 ची रुग्णवाहिका मोफत आहे.

प्रश्न : मुलीचा कबड्डीत लिगामेंट फाटला. ‘दोन वर्षांचा प्रतीक्षा काळ’ म्हणून कॅशलेस नाकारलं. – एक पालक, सांगली

उत्तर : गुडघ्याच्या अंतर्गत दुखण्यांना बऱ्याच पॉलिसींत 24 महिन्यांची प्रतीक्षा असते, पण अपघाताने झालेल्या दुखापतीला ती लागू नाही. घोळ बहुधा कागदात झाला आहे. डॉक्टरांनी फक्त ‘एसीएल टेअर’ (गुडघ्यातला लिगामेंट फाटणं) लिहिलं, कधी आणि कशाने ते लिहिलं नाही, की विमा कंपनी ते जुनं दुखणं धरते. पहिल्या दिवसाच्या केसपेपरवर ‘अमुक तारखेला कबड्डी खेळताना गुडघा पिरगळला’ हा उल्लेख आहे का ते बघा. नसेल तर डॉक्टरांचं खुलाशाचं पत्र आणि शाळेचं पत्र जोडून परतफेडीचा दावा टाका. धोकादायक खेळ विम्यातून वगळले आहेत असं कारण दाखवलं, तर ते वगळणं गिर्यारोहण, राफ्टिंग, मोटार शर्यत अशा खेळांत व्यावसायिक म्हणून उतरणाऱ्यांसाठी आहे, हे लेखी कळवा. कंपनीच्या तक्रार कक्षाने 30 दिवसांत दाद दिली नाही किंवा नकार दिला, तर एका वर्षाच्या आत विम्याच्या तक्रारी सोडवणाऱ्या विमा लोकपालाकडे जाता येतं. मुंबई आणि पुण्यात कार्यालयं आहेत, फी नाही, वकील लागत नाही.

प्रश्न : बारावीतला खेळाडू नुकताच 18 चा झाला. काही बदलतं का? – प्रशिक्षक, नाशिक

उत्तर : शुद्धीवर असेल तर सही आता त्याचीच लागते, वडिलांची चालत नाही. 19 वर्षांखालच्या संघात अशी दोन-तीन मुलं असतातच, त्यांची जुनी संमतीपत्रं बदलून घ्या. बँक खातं असेल तर प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनाही त्याला खुली झाली : वर्षाला 20 रुपये, अपघाती मृत्यू किंवा पूर्ण अपंगत्वाला दोन लाख, अंशतः अपंगत्वाला एक लाख. रुग्णालयाचं बिल तिच्यातून मिळत नाही. वर्ष 1 जूनला सुरू होतं, त्यामुळे मे अखेरीस खात्यात तेवढी शिल्लक असल्याची खात्री करा.