आद्याक्षरं तीच राहिली: फिजीच्या लष्कराबद्दल वाचकांचे प्रश्न

मागच्या खेपेला या सदरात फिजीच्या लष्करावर, आणि त्याने वेळोवेळी उलथलेल्या सरकारांवर, एक छोटं टिपण लिहिलं होतं. मला वाटलं, प्रशांत महासागरातल्या सोलापूर शहराएवढ्या लोकसंख्येच्या देशाबद्दल कोण वाचणार? पत्रं आली, आणि बरीच आली. त्यातले काही प्रश्न निवडून उत्तरं देतो. सारख्या आशयाचे प्रश्न एकत्र केले आहेत.

प्रश्न : एवढ्याशा बेटांना लष्कर हवंच कशाला? त्यांच्यावर चाल करून येणार तरी कोण? (कोल्हापूर)

कोणीही नाही. स्वतंत्र फिजीवर आजवर कोणी हल्ला केलेला नाही. तरी नियमित सैनिक साडेतीन हजारांच्या आसपास, शिवाय राखीव वेगळे. हे लष्कर मुळात बाहेर पाठवण्यासाठीच वाढलेलं आहे.

दुसऱ्या महायुद्धात फिजीच्या पलटणी सॉलोमन बेटं आणि बूगनव्हिलच्या जंगलात जपान्यांशी लढल्या. 23 जून 1944 ला कॉर्पोरल सेफानाइया सुकानाइवालू तिथे पडला आणि त्याला मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. 1952 ते 1956 फिजीची पलटण मलायात कम्युनिस्ट बंडखोरांच्या मागावर होती. 1970 मध्ये देश स्वतंत्र झाला आणि 1978 मध्ये संयुक्त राष्ट्रांनी लेबनॉनसाठी सैनिक मागितले. तिथून सगळं चित्र बदललं. लेबनॉन, 1982 पासून सिनाई, पुढे इराक, गोलान टेकड्या. एक पलटण बाहेर, दुसरी परतीच्या वाटेवर, तिसरी तयारीत. खेड्यातल्या पोरासाठी ही पक्की नोकरी आणि घरी डॉलर पाठवायची सोय. साखर आणि पर्यटनाच्या जोडीला सैनिक हाही फिजीचा निर्यातीचा माल झाला.

ही नोकरी सुखाची नव्हती. एप्रिल 1996 मध्ये लेबनॉनमधल्या काना इथे फिजीच्या तळावर इस्रायली तोफगोळे पडले आणि तिथे आसऱ्याला आलेले शंभराहून अधिक नागरिक मेले. ऑगस्ट 2014 मध्ये गोलानला 45 फिजियन सैनिक सीरियातल्या नुसरा फ्रंट या जिहादी गटाच्या हाती सापडले आणि दोन आठवड्यांनी सुटले.

पण यातली मेख अशी, की नाके कसे लावायचे, जमाव कसा पांगवायचा, संचारबंदी कशी राबवायची हे सगळं शिकून माणसं घरी येत होती. आणि घरी शत्रू नव्हता. शिवाय फिजीत लष्कराने कितीही वेळा सरकार उलथलं तरी संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसैनिकांची निळी टोपी काही काढून घेतली गेली नाही. याला मी दुटप्पीपणाच म्हणतो.

प्रश्न : फिजीत निम्मे लोक भारतीय वंशाचे होते म्हणता, मग लष्करात ते का नाहीत? घेत नव्हते की जात नव्हते? (नाशिक, आणि याच अर्थाचं एक पत्र डोंबिवलीहून)

दोन्ही. 14 मे 1879 ला ‘लिओनिडास’ हे जहाज पहिले गिरमिटिये, म्हणजे करारावरचे भारतीय मजूर, घेऊन पोचलं. 1916 पर्यंत साठ हजारांवर माणसं गेली. ती उसाच्या फडात राबायला नेली होती, बंदूक धरायला नाही. ‘तैकेई’ म्हणजे मूळ फिजियन लोकांची गोष्ट वेगळी. त्यांच्यात सरदारांची उतरंड होती, आणि इंग्रजांनी लष्कर त्या उतरंडीवरच उभं केलं. रातू सर लाला सुकुना हे त्यांचे मोठे पुढारी (रातू म्हणजे सरदार, आपल्याकडच्या ‘राजे’सारखं नावापुढे लागतं). पहिल्या महायुद्धात इंग्रज काळ्या माणसाला लढायला घेईनात, म्हणून हे गृहस्थ ऑक्सफर्डमधून उठून फ्रेंच परदेशी पलटणीत भरती झाले आणि पदक घेऊन आले. दुसऱ्या महायुद्धात गावोगाव फिरून त्यांनीच भरती केली. साम्राज्यासाठी रक्त सांडलं तर आपल्या लोकांचा मान राहील, हा त्यांचा हिशेब होता.

भारतीय पुढाऱ्यांचा हिशेब निराळा होता. गोऱ्या सैनिकाला जेवढा पगार तेवढा आम्हाला द्या, मग येतो, असं ते म्हणाले. मागणी रास्तच होती. इंग्रजांनी नाकारली. त्यातच 1943 मध्ये उसाच्या भावावरून मोठा संप झाला. म्हणजे तैकेई पोरं सॉलोमनमध्ये लढताहेत आणि इकडे ऊस तोडायचा राहून फडातच उभा आहे, हे दृश्य लोकांच्या डोक्यात बसलं. ‘आम्ही रक्त दिलं, तुम्ही भाव मागितला’ हा टोमणा भारतीयांना पुढे कित्येक दशकं ऐकावा लागला. संप साखर कंपनीविरुद्ध होता आणि त्या कंपनीने या शेतकऱ्यांना पिळलं होतं, हे कोणी लक्षात ठेवलं नाही.

नियमाने बंदी नव्हती, काही भारतीय अधिकारी झालेही. पण लष्कर म्हणजे ‘त्यांचं’ हे दोन्हीकडच्यांनी मनाशी धरलं, ते आजतागायत फारसं सुटलेलं नाही.

प्रश्न : 1987 मध्ये क्रमांक तीनच्या अधिकाऱ्याने सत्ता घेतली म्हणे. पहिले दोघं काय करत होते? (पुणे)

सेनापती ब्रिगेडियर रातू एपेली नाइलातिकाऊ त्या दिवशी ऑस्ट्रेलियात होते. लेफ्टनंट कर्नल सितिवेनी राम्बुका यांनी ती वेळ साधली. दुसऱ्या क्रमांकाच्या अधिकाऱ्याला पत्ताच लागू दिला नाही.

आधी थोडी पार्श्वभूमी. एप्रिल 1987 च्या निवडणुकीत रातू मारा यांचा पक्ष हरला. स्वातंत्र्यापासून तेच पंतप्रधान होते. नव्या आघाडीला 52 पैकी 28 जागा मिळाल्या आणि डॉ. तिमोदी बावान्द्रा पंतप्रधान झाले. बावान्द्रा स्वतः तैकेईच, पण आघाडीच्या बाकांवर भारतीय वंशाचे लोक जास्त. ‘राज्य परक्यांच्या हातात गेलं’ अशी ओरड सुरू झाली, मोर्चे निघाले. सरकारला एक महिना मिळाला.

14 मेची सकाळ, दहाचा सुमार. राजधानी सुवाच्या संसदेत कामकाज चालू आहे. राम्बुका साध्या कपड्यांत प्रेक्षकांच्या सज्जात बसलेले. दार उघडून दहा सैनिक आत येतात, तोंडावर गॅस मास्क, हातात बंदुका. राम्बुका सज्जातून उठून खाली येतात आणि पंतप्रधानांसह सगळ्यांना बाहेर चालायला सांगतात. बाहेर लष्करी ट्रक उभे. बावान्द्रांचं अख्खं सरकार त्यात बसून गेलं. एक गोळी सुटली नाही. तारीख पुन्हा पाहा. ‘लिओनिडास’ पोचल्याला त्या दिवशी बरोबर 108 वर्षं झाली होती.

आपल्यासाठी यात एक अवघडलेली गोष्ट आहे. राम्बुका 1979 मध्ये निलगिरीतल्या वेलिंग्टनच्या आपल्या स्टाफ कॉलेजात शिकून गेले होते. अर्थात तिथे सत्तापालट शिकवत नाहीत, उलट लष्कराने राजकारणापासून दूर राहावं हेच तिथल्या वातावरणात मुरलेलं असतं. शिकवणी घेतली म्हणून मुरते असं नाही, एवढंच.

पुढे तडजोडीची बोलणी चालू झाली. ती मनासारखी होईनात म्हणून सप्टेंबरमध्ये राम्बुकांनी दुसऱ्यांदा सत्ता घेतली आणि 7 ऑक्टोबरला प्रजासत्ताक जाहीर करून टाकलं. ब्रिटनच्या राणीचा संबंध संपला. लष्कराचं नाव तोवर ‘रॉयल फिजी मिलिटरी फोर्सेस’ होतं, ते ‘रिपब्लिक ऑफ फिजी मिलिटरी फोर्सेस’ झालं. आद्याक्षरं तीच राहिली, आरएफएमएफ. राणीचं चित्र मात्र नोटांवर आणखी पंचवीस वर्षं टिकलं.

1990 च्या राज्यघटनेत 70 पैकी 37 जागा तैकेईंसाठी राखल्या, भारतीयांना 27, आणि पंतप्रधान तैकेईच हवा असं लिहिलं. भारतीय मोठ्या संख्येने देश सोडू लागले ते 1987 पासून. 1986 च्या जनगणनेत ते 48.7 टक्के होते, 2007 मध्ये 37.5 टक्के उरले. गेले ते डॉक्टर, शिक्षक, वकील, हिशेबनीस.

प्रश्न : 2000 सालचा उठाव लष्कराने केला की जॉर्ज स्पाइट नावाच्या व्यापाऱ्याने? वर्तमानपत्रांत तेव्हा दोन्ही छापून येत होतं. (अमरावती)

तुमचा गोंधळ बरोबर आहे, कारण लष्करच दोन तुकडे झालं होतं. 1987 नंतर राम्बुकांनी स्वतःच्या पाठबळासाठी एक खास कमांडो तुकडी उभी केली होती. ब्रिटिश लष्कराच्या एसएएस या खास तुकडीतून निवृत्त झालेल्या एका फिजियनाने तिला तयार केलं. आपणच पाळलेलं जनावर आपल्यालाच कसं चावतं त्याचा हा नमुना.

मे 1999 मध्ये महेंद्र चौधरी हे भारतीय वंशाचे पहिले पंतप्रधान झाले. त्यांचे पूर्वज आताच्या हरियाणातले. बरोबर एका वर्षाने, 19 मे 2000 ला स्पाइट संसदेत घुसला. त्याच्या सोबतीला त्याच कमांडो तुकडीतले लोक. पंतप्रधान आणि खासदार 56 दिवस ओलीस राहिले. सेनापती होते नौदलातून आलेले फ्रँक बाइनीमारामा. त्यांनी स्पाइटला साथ दिली नाही, पण घटनेलाही दिली नाही. 29 मे रोजी लष्करी कायदा पुकारला, राष्ट्राध्यक्ष मारा यांना बाजूला केलं आणि सत्ता स्वतःकडे घेतली. जुलैत ओलीस सुटले, महिनाअखेर स्पाइट पकडला गेला.

या सगळ्यात मला सर्वांत आवडतं ते चंद्रिका प्रसाद या शेतकऱ्याचं प्रकरण. उठावाच्या धामधुमीत घरादारावरून हुसकावलेला हा माणूस कोर्टात गेला आणि म्हणाला, माझी राज्यघटना कुठे गेली? मार्च 2001 मध्ये अपील कोर्टाने सांगितलं की घटना अजून जिवंत आहे. त्यावर निवडणूक घ्यावी लागली.

पण खरा घाव त्याआधी, 2 नोव्हेंबर 2000 ला बसला. त्याच कमांडो तुकडीने सुवातल्या क्वीन एलिझाबेथ बराकीत बंड केलं आणि थेट सेनापतीवरच नेम धरला. बाइनीमारामा मागच्या उतारावरून कसावाच्या शेतातून पळाले. कसावा म्हणजे ज्याच्यापासून आपला साबुदाणा होतो तो कंद, पुरुषभर उंच वाढतो, माणूस लपेल एवढा. संध्याकाळपर्यंत बराक परत घेतली. सरकारी बाजूचे तीन सैनिक मेले. बंडखोर पाच मेले, आणि त्यांतल्या काहींना पकडल्यावर मारहाण करून मारण्यात आलं. फिजीच्या लष्करात भावाभावांत रक्त सांडलं ते इथे. ही दुपार लक्षात ठेवा, पुढच्या उत्तरात लागेल.

प्रश्न : बाइनीमारामा भारतीयांच्या बाजूचे होते, मग 2006 चा उठाव वाईट कसा? (नागपूर)

‘भारतीयांच्या बाजूचे’ हे अर्धसत्य आहे. लाइसेनिया गारासे यांना 2000 मध्ये पंतप्रधानपदी बसवलं ते बाइनीमारामांनीच. पुढे निवडून आल्यावर गारासे सरकारने 2000 च्या उठावातल्या लोकांना माफी मिळू शकेल असं विधेयक आणलं. कसावाच्या शेतातून जीव घेऊन पळालेला माणूस यावर काय म्हणणार? 5 डिसेंबर 2006 ला त्यांनी सरकार काढलं. कारण सांगितलं भ्रष्टाचार आणि वंशवाद.

नंतर त्यांनी काही मोलाच्या गोष्टी केल्या हे नाकारता येत नाही. वंशावर आधारित मतदारसंघ गेले. ‘फिजियन’ हा शब्द सगळ्या नागरिकांचा झाला, तोवर तो फक्त तैकेईंचा होता. सरदारांची महापरिषद बरखास्त झाली. पण एप्रिल 2009 मध्ये कोर्टाने उठाव बेकायदा ठरवताच दुसऱ्याच दिवशी राज्यघटनाच रद्द करण्यात आली. वर्तमानपत्रांच्या कचेऱ्यांत सेन्सॉर येऊन बसले. टीकाकारांना बराकीत नेऊन बडवलं गेलं. चौधरी सुरुवातीला त्यांच्या मंत्रिमंडळात अर्थमंत्री होते, दोन वर्षंही टिकले नाहीत. आणि ज्या लष्कराच्या जोरावर सगळ्यांना समान केलं, ते लष्कर तेव्हाही जवळजवळ पूर्ण तैकेईच होतं.

प्रश्न : आमच्या नात्यातले लोक चार पिढ्या मॉरिशसला आहेत. तिथेही गिरमिट, तिथेही ऊस. तिथे असं का झालं नाही? (रत्नागिरी)

फार चांगला प्रश्न. एक तर मॉरिशसला मूळ रहिवासीच नव्हते, सगळेच बाहेरून आलेले, त्यामुळे ‘भूमिपुत्र’ म्हणून बंदूक उचलायला कोणी नव्हतं. भारतीय वंशाचे लोक तिथे स्पष्ट बहुसंख्य आहेत. (मुंबई बंदरातून कोकण-साताऱ्याची माणसं गेली ती मॉरिशसलाच. फिजीची जहाजं कलकत्ता आणि मद्रासहून सुटायची, म्हणून तिथे मराठी वस्ती जमली नाही.) आणि मॉरिशसला लष्करच नाही. ‘स्पेशल मोबाइल फोर्स’ नावाचं निमलष्करी दल आहे, ते पोलीस आयुक्तांच्या हाताखाली चालतं.

प्रश्न : नाव रबुका की राम्बुका? (सांगली)

राम्बुका. मिशनऱ्यांनी फिजियन लिपी ठरवताना ‘म्ब’ला एकटा ‘बी’ आणि ‘न्द’ला एकटा ‘डी’ दिला. म्हणून विमानतळाच्या गावाचं इंग्रजी स्पेलिंग नदी असं वाचावंसं वाटलं तरी उच्चार चक्क आपला नांदी.

प्रश्न : आता पुन्हा उठाव होईल का? (ठाणे, आणि इतर चार जण)

भविष्य सांगत नाही, काय काय जागेवर आहे ते सांगतो. डिसेंबर 2022 च्या निवडणुकीत कोणालाच बहुमत नव्हतं. सुवात अफवांना ऊत आला होता. 24 डिसेंबरला संसदेत 28 विरुद्ध 27 मतांनी पंतप्रधान निवडले गेले, आणि ते होते तेच सितिवेनी राम्बुका. बाइनीमारामा पायउतार झाले. सेनापती कालौनिवाई निकालाच्या आड आले नाहीत. एका मताच्या फरकावर सत्ता बदलूनही सैनिक बराकीत राहिले, हे तिथे पहिल्यांदा घडलं. मात्र तीनच आठवड्यांत त्याच सेनापतींनी नवं सरकार फार घाई करतंय असा जाहीर इशारा दिला.

14 मे 2023 ला राम्बुकांनी 1987 बद्दल जाहीर माफी मागितली. गिरमिट दिनाची सुट्टीही त्याच वर्षी सुरू झाली. सप्टेंबर 2024 मध्ये जॉर्ज स्पाइट माफी मिळून तुरुंगातून सुटला, आणि त्याच्याबरोबर बराकीतल्या बंडाचा म्होरक्याही.

राहता राहिलं 2013 च्या राज्यघटनेचं कलम 131. देशाची आणि तिथल्या सगळ्या लोकांची सुरक्षा, संरक्षण आणि ‘कल्याण’ सदैव पाहणं ही एकूण जबाबदारी लष्कराची, असं ते म्हणतं. हे वाक्य 1990 च्या घटनेतून उचललेलं आहे. कल्याण म्हणजे काय आणि ते धोक्यात आलं हे कोणी ठरवायचं, ते कलमात लिहिलेलं नाही.