आई-बाबांना लेक डिस्ट्रिक्ट दाखवायचंय : अर्ध्या दिवसाची टूर घ्यावी की स्वतः गाडी चालवावी?

प्रश्न थोडक्यात असा आहे: आई-बाबा मे महिन्यात मँचेस्टरला येणार आहेत, आणि इंग्लंडच्या वायव्येकडच्या तळ्या-डोंगरांच्या लेक डिस्ट्रिक्टसाठी एकच दिवस हाताशी आहे. गाइडसह अर्ध्या दिवसाची टूर घ्यावी की गाडी भाड्यानं घेऊन स्वतः फिरावं? आणि चार तासांत काय बघून होतं?

टूर घ्या. आमच्या घरात हा वाद २०१७ पासून चालू आहे आणि मी दोन्ही करून पाहिलंय, म्हणून इतकं ठामपणे सांगते.

२०१७ च्या ऑगस्टमध्ये अण्णा आणि आई पहिल्यांदा आले तेव्हा दादानं गाडी काढली. गाइडला पैसे कशाला द्यायचे, फोनमध्ये सगळं आहे, हे त्याचं म्हणणं. विंडरमिअरला पोचलो तर पार्किंग शोधण्यात पाऊण तास गेला. पुढे केजिकवरून बॉरोडेल आणि मग हॉनिस्टरचा घाट. त्या घाटाचा चढ काही ठिकाणी चारास एक आहे, आणि त्या बाजूच्या अरुंद रस्त्यांवर समोरून गाडी आली की कुणीतरी मागे घ्यायचं. आमच्या समोर कॅम्परव्हॅन आली. दादानं गाडी मागे घेताना डावीकडचा आरसा दगडी गडग्याला लागून फुटला. आई मागच्या सीटवर डोळे मिटून जप करत होती. दादाचे डोळे दिवसभर रस्त्यावर, माझे नकाशावर, आणि अण्णा काचेतून जे जाईल ते बघत होते. रात्री दादानं विचारलं, ‘‘अण्णा, कसं वाटलं?’’ अण्णा म्हणाले, ‘‘छान हिरवंगार आहे.’’ आठ तास फिरवून माणसाच्या हाती एवढंच लागलं होतं.

२०१९ च्या मे महिन्यात ते पुन्हा आले. दादाला सुट्टी नव्हती आणि मला गाडी येत नाही. आम्ही ऑक्सनहोमला गाडी बदलून ट्रेननं विंडरमिअरला गेलो आणि स्टेशनाबाहेरून सुटणाऱ्या सोळा सीटच्या मिनीबसची दुपारची टूर घेतली. तेव्हा माणशी चाळीस पौंडांच्या आसपास पडले. अण्णांना मी मुद्दाम ड्रायव्हरच्या मागच्या सीटवर बसवलं. ड्रायव्हर हाच गाइड, साठीचा माणूस, तिथल्याच मेंढपाळाच्या घरातला.

रस्ता असा होता: आधी कर्कस्टनचा घाट (४५४ मीटर), तिथून खाली अल्सवॉटरचं तळं, मग केजिकजवळचं कॅसलरिगचं दगडांचं रिंगण, परतीला थर्लमिअर आणि ग्रासमिअर. कवी वर्ड्‌स्वर्थला डॅफोडिल्स दिसले ते अल्सवॉटरच्या काठी, १५ एप्रिल १८०२ ला, हे गाइडनं सांगितलंच. बरोबर बहीण डोरोथी होती, तिनं ते आधी रोजनिशीत लिहिलं आणि कविता नंतर झाली, हेही सांगितलं. तुमचे आई-बाबा मेमध्ये येणार, तेव्हा ही फुलं बहुतेक संपलेली असतील, त्यांना आधीच सांगून ठेवा. विंडरमिअर, अल्सवॉटर अशी नावं असलेल्या त्या सगळ्या तळ्यांत ‘लेक’ हा शब्द नावातच असलेलं एकच, बॅसनथ्वेट. ‘मिअर’चा अर्थच तळं, त्यामुळे विंडरमिअर लेक म्हणणं म्हणजे तळं दोनदा म्हणणं.

अण्णांना यातलं काही फारसं भिडत नव्हतं. कॅसलरिगला उतरलो. पाच हजार वर्षांपूर्वीचे चाळीसेक दगड, चारी बाजूंनी डोंगर. सगळे फोटो काढत होते आणि अण्णा कुंपणाजवळ मेंढ्यांकडे बघत उभे. अण्णा जिल्हा परिषदेतून पशुधन पर्यवेक्षक म्हणून निवृत्त झालेत. त्यांनी मला विचारलं, ‘‘तायडे, मेंढी पांढरी नि कोकरू काळं कसं, विचार बरं त्याला.’’ मी विचारलं आणि गाइडचा चेहराच बदलला. ही हर्डविक जात. कोकरू काळं जन्मतं आणि वय वाढेल तसं करडं होत जातं. वर उघड्या डोंगरावर कुंपण नसतं, तरी मेंढ्या आपला भाग सोडत नाहीत. आई चरते तिथंच कोकरू चरायला शिकतं, आणि ते पुढे त्याच्या पिल्लांना शिकवतं. शेत विकलं गेलं तरी पुष्कळदा कळप त्या जमिनीबरोबरच राहतो, कारण दुसरीकडून आणलेल्या मेंढ्यांना त्या डोंगराची हद्द ठाऊक नसते.

मग तो २००१ च्या साथीबद्दल सांगू लागला. ‘फुट अँड माउथ’ हे शब्द कानावर पडताच अण्णा मी सांगायच्या आधीच म्हणाले, ‘‘लाळ्या खुरकूत!’’ त्या साथीत ब्रिटनमध्ये साठ लाखांहून जास्त जनावरं मारून टाकली. अण्णांनी मला आकडा दोनदा विचारला. त्यांची सगळी नोकरी बर्फाच्या पेटीत लस घेऊन गोठ्यागोठ्यानं हिंडण्यात गेली, रोगाला मारायचं म्हणून जनावरच मारायचं हे त्यांना पटेना. गाइड म्हणाला, कळप गेला की नुसत्या मेंढ्या जात नाहीत, त्यांच्या डोक्यातला डोंगरही जातो. मी मधे उभी राहून इकडचं तिकडे, तिकडचं इकडे सांगत होते.

बस पुन्हा निघाली आणि थर्लमिअरपाशी आली. दादाच्या गाडीतून आम्ही याच रस्त्यानं २०१७ मध्ये जाताना एकदा आणि येताना एकदा गेलो होतो. झाडांतून मधूनच पाणी चमकलं होतं, दादा ‘‘हे नुसतं धरण आहे’’ म्हणाला होता आणि गाडी पुढे गेली होती. या वेळी गाइडनं वेग कमी केला. इथे पूर्वी एक लहानसं नैसर्गिक तळं होतं. मँचेस्टरच्या गिरण्यांना आणि माणसांना पाणी हवं होतं, म्हणून १८७९ मध्ये कायदा झाला, धरण बांधून पाण्याची पातळी सुमारे पन्नास फुटांनी वाढवली, आणि १८९४ मध्ये पाणी मँचेस्टरला पोचलं. ९६ मैल, एकही पंप नाही, नुसत्या उतारानं. लोकांनी विरोध केला, पण ते हरले. विथबर्न आणि आर्मबथ या वस्त्या गेल्या.

अण्णा जावळी तालुक्यातले. कोयनेचं पाणी चढलं तेव्हा ते दहा वर्षांचे होते. कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयाच्या पोटात शंभराच्या आसपास गावं गेली, त्यात त्यांचं एक. घर उठलं ते सांगली जिल्ह्यातल्या कोरड्या माळावर आलं. अण्णा यावर बोलत नाहीत. दादा एकदा ऑफिसातल्या मित्रांना घेऊन त्याच जलाशयाच्या काठी तापोळ्याला बोटिंगला गेला होता, अण्णा सोबत होते, पण ते बोटीत बसले नाहीत. काठावर पिशवी मांडीवर घेऊन बसून राहिले. आम्ही तेव्हा कुणी काही विचारलं नाही, आणि याचं मला आजही वाईट वाटतं.

मी गाइडचं बोलणं मराठीत सांगून संपवलं. अण्णा जरा वेळ गप्प होते. मग म्हणाले, ‘‘माणसं कुठं घातली, विचार.’’ मी विचारलं. गाइड म्हणाला, मला माहीत नाही, आणि इतक्या वर्षांत कुणी हे विचारलंही नाही. अण्णांचा पुढचा प्रश्न: ‘‘आणि देव?’’

यावर त्यानं उत्तर दिलं नाही. थोडं पुढे जाऊन रस्त्याकडेला बस थांबवली. टूरमध्ये हा थांबा नव्हता. तिथे विथबर्नचं छोटं पांढरं चर्च आहे, पाण्यापासून वर असल्यामुळे वाचलेलं. त्यानं बसमधल्या बाकीच्यांना पाच मिनिटं मागितली, कुणी कुरकुरलं नाही. अण्णांनी ओल्या गवतात बूट काढले, आत गेले, हात जोडले. बाहेर येऊन मला म्हणाले, आमचा भैरोबा तुझ्या आजोबांनी डोक्यावर घेऊन वर आणला होता, घाटमाथ्यावर एक रात्र आम्ही देवासकट उघड्यावर झोपलो. पस्तीस वर्षांत हे मी पहिल्यांदा ऐकलं.

त्या रात्री मँचेस्टरला घरी अण्णांनी स्वयंपाकघरातल्या नळाखाली तांब्या धरला आणि विचारलं, ‘‘हे तिथलंच का पाणी?’’ मी हो म्हटलं. थर्लमिअर आणि हॉज़वॉटर या दोन्हींचं पाणी या शहराला येतं, आणि हॉज़वॉटरच्या खाली मार्डेल नावाचं गाव १९३० च्या दशकात गेलंय. मी इथे अकरा वर्षं राहून हे पाणी प्यायले आणि मला यातलं अक्षरही माहीत नव्हतं.

दादाला फोनवर सांगितलं तर तो म्हणाला, ‘‘हे सगळं विकिपीडियावर आहे, आणि तुला गाडी येत नाही म्हणून तुला टूरचं कौतुक.’’ असेल विकिपीडियावर. पण गाडी चालवणारा ते कधी वाचणार, आणि अण्णांच्या प्रश्नासाठी विकिपीडिया गाडी थांबवणार होता का? आपण आई-बाबांना इतक्या लांबून बोलावतो आणि मग त्यांना मागच्या सीटवर बसवून स्वतःचं ड्रायव्हिंग दाखवतो. मला हे चूक वाटतं. ज्याला त्या जमिनीची माहिती आहे त्याच्याशी त्यांना बोलू द्या, टूरचे पैसे त्याचेच आहेत.

आता तुमचा उरलेला प्रश्न. चार तासांत चार-पाच थांबे होतात, प्रत्येक ठिकाणी पंधरा ते तीस मिनिटं. ग्रासमिअरला वर्ड्‌स्वर्थची कबर बघून, त्याच आवाराला लागून असलेल्या दुकानातलं जिंजरब्रेड घेऊन परत येण्याइतका वेळ मिळतो, त्याचं घर बघायला मिळत नाही. बोटीतून फेरी हवी असेल तर ती टूरमध्ये आहे का हे आधी बघा, नसेल तर सकाळी विंडरमिअरच्या काठी बोनेसला बोट करा आणि दुपारची टूर घ्या, एका दिवसात दोन्ही बसतं. ‘पीटर रॅबिट’ लिहिणाऱ्या बीॲट्रिक्स पॉटरचं घर, हिल टॉप, अर्ध्या दिवसाच्या टूरमध्ये धरू नका, त्याला वेगळा वेळ लागतो. पाऊस कुठल्याही महिन्यात येतो. बॉरोडेलमधल्या सीथवेटला वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून जास्त पडतो. आपल्या महाबळेश्वरपुढे हे काहीच नाही, पण इथला पाऊस गार असतो, म्हणून आईसाठी स्वेटर आणि बंद बूट घ्या.

हेही सांगायला हवं, सगळे गाइड आमच्यासारखे मिळत नाहीत. पुढच्या वर्षी मैत्रीण गेली तर तिचा गाइड नुसता हॉटेलांची नावं घेत होता. त्यांचे उच्चारही आपल्या आई-वडिलांना कळत नाहीत, शेजारी बसून तुम्हालाच मराठीत सांगावं लागेल, त्यामुळे त्यांना एकटं पाठवण्यात अर्थ नाही. कर्कस्टनला आईला मळमळलं होतं, आवळा सुपारी जवळ ठेवा. बसमध्ये टॉयलेट नसतं, थांब्यावर उतरलात की आधी ते उरका. आणि आई-बाबांना डोंगर चढायची हौस असेल, गुडघे चांगले असतील, तर टूर सोडा आणि एकाच तळ्याभोवती दिवसभर चाला, बटरमिअरची फेरी सोपी आहे.

तिकिटं काढताना गाडी चालवायला निघालेल्या माणसाचंही एक काढा. गाडी विंडरमिअर स्टेशनजवळ लावून त्यालाही बसमध्ये खिडकीपाशी बसू द्या.